गव्हर्नरचा हुकूम

मिसची नोकरी माझ्यामुळे गेली. हे पहिल्याच ओळीत लिहून टाकते, कारण मी स्वतःला ओळखते. नाहीतर दोन पानं मी लाल धुळीवर आणि रशियन बायकांच्या फुलाफुलांच्या झग्यांवर लिहीत बसेन आणि मुद्दा राहून जाईल.

बाबा रशियनांच्या मदतीने उभ्या राहणाऱ्या पोलाद कारखान्याच्या जमीन विभागात क्लार्क होते. आम्ही मूळचे भंडाऱ्याकडचे. भट्ट्या अजून उभ्या राहत होत्या, टाऊनशिपचे निम्मे सेक्टर नकाशावरच होते, तेव्हा आम्ही भिलाईला आलो. इंग्रजी शाळा खरं तर अफसरांच्या मुलांसाठी होती. क्लार्कांच्या मुलांसाठी काही जागा ठेवलेल्या होत्या, त्यांतली एक मला मिळाली. शाळेत इंग्रजी, रस्त्यावर हिंदी, आणि चपला काढून घरात आलं की मराठी. शाळेत मी फारसं बोलत नसे. अक्षर मात्र चांगलं होतं, आणि चांगल्या अक्षराच्या गप्प मुलीचा शाळेला फार उपयोग असतो. फळ्यावरचे सुविचार, पाहुण्यांची मानपत्रं, स्पर्धांच्या याद्या, सगळं माझ्याकडे यायचं.

बाबांना माझा उपयोग वेगळा होता. ऑफिसात नोटीस टाइप झाली की ती मूळ मसुद्याशी ताडून बघायची असे. एकाने मसुदा मोठ्याने वाचायचा, दुसऱ्याने टाइप केलेल्या प्रतीवर पेन्सिलीने बारीक टिंबं देत जायचं. याला ते मिलान म्हणत. ऑफिसात वाचायला माणूस मिळाला नाही की बाबा कागद घरी आणत. तशी परवानगी नव्हती. सकाळचा चहा झाला की ते खुर्चीवर बसत, मी खाली चटईवर.

"वाच बाई. घाई नको करू."

मी वाचायची. गावाचं नाव, खसरा नंबर, म्हणजे आपल्याकडचा सर्व्हे नंबर, चतुःसीमा, मग मजकूर. स्वल्पविरामाला 'स्वल्प' म्हणायचं, पूर्णविरामाला 'पूर्ण'. दहाव्या वर्षापासून मी हे करत आले. शाळेतल्या कवितांपेक्षा ती हिंदी मला जास्त पाठ होती. खरं सांगायचं तर ती मला आवडायची. त्या भाषेत कुणी रागवत नसे, कुणी रडत नसे. प्रत्येक गोष्टीला नेमलेली जागा होती. त्यातल्या काही गावांवरच आमचे सेक्टर उभे आहेत हे मला माहीत होतं, पण नाईल इजिप्तमधून वाहते हे जसं माहीत असतं, तसं.

मिस आम्हाला इतिहास शिकवत. सावळ्या, ठेंगण्या, पायात कायम कॅनव्हासचे बूट. आडनाव पोर्तुगीज होतं, म्हणून सगळे त्यांना गोव्याच्या समजत. एकदा लायब्ररीत मी यादी उतरवत बसले होते, हाताचा धक्का लागून दौत कलंडली. मागून आवाज आला, "अगं बाई, फ्रॉकवर सांडली का?"

मी वळून बघितलं. लायब्ररीत दुसरं कुणी नव्हतं. मिसच मराठी बोलल्या होत्या.

"अशी काय बघतेस?" त्या म्हणाल्या. "मी वसईची. आमच्या घरी मराठीच बोलतात. तुमच्याहून जरा निराळी."

त्या दिवसापासून लायब्ररीत कुणी नसलं की आम्ही मराठीत बोलायचो. म्हणजे त्या बोलायच्या. त्यांच्या आडनावाची गोष्ट मला तिथेच कळली. त्यांच्या गावाकडे एका पोर्तुगीज गव्हर्नरची जमीन होती. त्याने गावच्या गावं ख्रिस्ती करून घेतली तेव्हा बाप्तिस्म्याला धर्मपिता म्हणून तो स्वतः उभा राहिला. सगळ्यांना त्याचंच आडनाव लागलं. एका दिवसात तीनशे माणसं एका आडनावाची झाली, असं त्यांच्याकडे सांगत. तीनशे हा आकडा त्यांच्या आजीचा, त्यामुळे त्यात काही माणसं कमी-जास्त होती, असं त्याच म्हणाल्या.

त्या गव्हर्नरचं आयुष्य मिसना एखाद्या सख्ख्या काकाचं असावं तसं ठाऊक होतं. पोर्तुगालात तो घरातला धाकटा. तिथल्या रिवाजाने जमीन सगळी थोरल्याला गेली. याच्या वाट्याला एक तलवार आणि गोव्याच्या जहाजावरची जागा आली. वाटेत जहाजावरची निम्मी माणसं मेली, हा जगला. लढायांत नाव केलं, एका किल्ल्याचा कप्तान झाला, पुढे गव्हर्नर. राजाने वसईकडची गावं त्याला तीन पिढ्यांसाठी लावून दिली. तो, त्याच्यामागे वारस, आणि त्या वारसाचा वारस. अट एवढीच की घोडा आणि बंदूकवाले पदरी ठेवायचे. लिस्बनहून पाठवलेल्या एका अनाथ मुलीशी त्याने लग्न केलं, कारण राजाने हुंड्यात तिच्या नावावर आणखी दोन गावं दिली होती. ज्याला घरच्या शेतात एक वाफा मिळाला नव्हता त्याच्याकडे आता मिठागरं होती, भाताची खाचरं होती, ताडामाडांची रांग समुद्रापर्यंत होती. चर्चसाठी दगड ओढायला घरटी एक माणूस यायलाच हवा, हा त्याचा नियम. राजाला मात्र तो दर जहाजाबरोबर लिहायचा की इथली रयत सुखी आहे.

"आणि शेवट?" मी विचारलं.

"तापाने. शेवटी शेवटी म्हणे तो पोर्तुगालातल्या त्या थोरल्या भावाच्या शेताचे बांध सांगत बसायचा. पूर्वेला ओढा, पश्चिमेला अक्रोडाचं झाड. इथली एवढी गावं नावावर, पण त्यांतल्या एकाचाही बांध त्याला सांगता आला नाही. ते काम कारकुनाचं होतं."

मिस हसल्या. मीही हसले. माझे वडील काय काम करतात हे त्यांना माहीत नव्हतं, आणि मी सांगितलं नाही.

गोवा मुक्त झालं त्या डिसेंबरात शाळेत पेढे वाटले. स्टाफरूममध्ये मी हजेरीपट ठेवायला गेले होते तेव्हा विज्ञानाचे सर मिसना म्हणाले, "काय मिस, तुमची माणसं गेली म्हणे बोटीत बसून?"

"माझी माणसं एस.टी.त बसतात, सर," मिस म्हणाल्या. "तीही वेळेवर येत नाही."

सगळे हसले, पण सरांना ते लागलं. मोठ्या बाईंनी, म्हणजे आमच्या मुख्याध्यापिकांनी, फर्मान काढलं की यंदाच्या स्नेहसंमेलनात पोर्तुगीज जुलमावर नाटक व्हायला हवं, आणि ते मिसनीच लिहावं. मिसनी आपल्या गव्हर्नरचं आयुष्य घेतलं. तीन प्रवेश: जहाजातून उतरतो तो, गावं ताब्यात घेतो तो, मरतो तो. संवाद इंग्रजीत. स्वच्छ प्रत अर्थात माझ्याकडे.

दुसऱ्या प्रवेशात दवंडीवाला येतो आणि गव्हर्नरचा हुकूम गावाला वाचून दाखवतो. मागे बसणाऱ्या लोकांना इंग्रजी कळत नाही, तेव्हा एवढा भाग हिंदीत असावा असं मिसना वाटत होतं. पण त्यांची हिंदी कच्ची. त्यांनी वहीत तिथे चार ओळींची जागा कोरी सोडली आणि मला म्हणाल्या, "तुझी हिंदी चांगली आहे. हुकमासारखं वाटेल असं काहीतरी भर. मला दाखवायलाही नको."

मला विचारच करावा लागला नाही. हुकूम म्हटल्यावर माझ्या हातातून जे आलं ते आलं. 'सर्वसाधारण को सूचित किया जाता है कि नीचे लिखी भूमि सार्वजनिक प्रयोजन के लिए आवश्यक है. जिस किसी को आपत्ति हो, वह नियत अवधि में लिखित प्रस्तुत करे. अवधि के पश्चात कोई आपत्ति नहीं सुनी जाएगी.' खाली गावांची नावं हवी होती. वसईची गावं मला ठाऊक नव्हती. मी पाठ होती ती घातली, चार, मिलानाच्या क्रमाने. आपण काही चुकीचं करतोय असं मनात आलं नाही. उलट स्वल्पविराम सगळे जागच्या जागी पडल्याचं समाधान होतं. मी काही धैर्य केलं, टोमणा मारला, असं कुणाला वाटायला नको. मी फक्त तयार नमुना वापरला. क्लार्कच्या घरात दुसरं काय शिकतात?

तालमीत त्या ओळींकडे कुणाचं लक्ष गेलं नाही. दवंडीवाली झालेल्या मुलीला ढोल वाजवायला आवडायचं, ती मजकूर गडबडीत म्हणून टाकायची. मिस त्या वेळी गव्हर्नरच्या मिशीच्या काळजीत असायच्या. जळक्या बुचाने काढलेली मिशी चीफ इंजिनीयरच्या मुलीच्या घामाने हनुवटीवर उतरायची.

प्रयोग संध्याकाळी शाळेच्या मैदानात झाला. पुढे सोफ्यांवर मोठे साहेब, त्यांच्यामागे खुर्च्यांवर अफसर, मग बाकांवर क्लार्क आणि त्यांची कुटुंबं. त्याच्याही मागे जमिनीवर शाळेतले चपराशी, माळी, आया आणि त्यांचे घरचे. मी विंगेत वही घेऊन उभी होते. पहिला प्रवेश छान गेला. दुसऱ्यात ढोल वाजला आणि त्या दिवशी काय झालं कोण जाणे, ती मुलगी प्रत्येक शब्द सुटा सुटा, मोठ्याने म्हणाली. 'सार्वजनिक प्रयोजन'ला बाकांवरून हसू आलं. चार गावांची नावं आली तेव्हा हसू थांबलं. मला बाबा दिसले. ते मान खाली घालून चपलेकडे बघत होते.

तेवढ्यात मागून आमच्या शाळेची आया उठली. उंच, हाडकुळी, कपाळावर गोंदण. वर्गात मुलींची वेणी सुटली की घालून द्यायची. त्या चारांतलं दुसरं गाव तिचं होतं, हे मला त्या संध्याकाळपर्यंत माहीत नव्हतं. आता ती खुर्सीपारकडे झोपडीत राहायची. ती रंगमंचाकडे नाही, सोफ्यांकडे बघून ओरडली, "अब का ला नापहू साहेब? का बाँचे हे?"

आता काय मोजणार, उरलंय काय. छत्तीसगढी न येणाऱ्यालाही ते कळलं. चपराशाने तिला दंडाला धरून खाली बसवलं. गव्हर्नर पुढे आला, संवाद विसरला, मी विंगेतून शब्द पुरवले. तिसऱ्या प्रवेशात तो नीट मेला. टाळ्या फक्त मागून आल्या.

आयाला दुसऱ्या दिवसापासून यायचं नाही म्हणून सांगितलं. तिची चौकशी वगैरे झाली नाही. चौकशी व्हायला नोकरी कायमची लागते.

मिसची नोकरी कायमची होती. सोमवारी त्यांनी मला लायब्ररीत गाठलं. "ते कुठून आणलंस?" मराठीतच विचारलं.

"असंच. मनानं."

"गावांची नावंही मनानं?"

मी टेबलावरचा शाईचा जुना डाग बघत राहिले. त्यांनी पुन्हा विचारलं नाही.

घरी संध्याकाळी बाबा हातपाय न धुता बसले. आईने चहा ठेवला तो तसाच राहिला.

"उद्या तुले बाई बोलावतील ऑफिसात," ते म्हणाले. "आमच्या जमीन विभागात लोकं बोलून राहिले होते. तू काय सांगशील?"

"मी लिहिलं म्हणून सांगते."

"अन् कोठून लिहिलं म्हणतील तवा? बाबा कागद घरी आणते म्हणून सांगशील? मले नंदिनीच्या खाणीवर धाडतील. तुही शाळा जाईल, धाकट्याची जाईल. पक्का नाही झालो मी अजून."

"पण मिसनं नाही लिहिलं ते."

"मिसनं तुले वही देल्ली, तू उतरवली. एवढंच सांग. खोटं कुठं आहे त्यात?"

आई चुलीपाशी होती. ती म्हणाली, "त्या बाईचं काय जाते? एकटा जीव. आज इथं, उद्या तिथं. अन् त्यायच्याच आज्यापंज्यानं केलं नं हे सारं?"

मला तेव्हा आईला सांगता आलं असतं की मिसच्या आज्यापंज्यांनी दगड ओढले. मी पोळी घेतली आणि जेवले. ते मला चांगलं आठवतं, की मी जेवले.

मोठ्या बाईंच्या खोलीत शाळेच्या समितीतले एक साहेब बसले होते. मिस खिडकीजवळ उभ्या. टेबलावर वही, माझ्या अक्षरातली. बोलणं सगळं इंग्रजीत झालं. साहेब मिसना म्हणाले, "तुमच्या पूर्वजांची आणि या राष्ट्रीय कार्याची तुलना करायचं तुम्हाला सुचलं कसं?"

"तो माझा पूर्वज नव्हता," मिस म्हणाल्या. "माझे पूर्वज त्याची कुळं होती. आणि तुलना मी केलेली नाही."

"मग कुणी केली?"

मिस खिडकीबाहेर बघू लागल्या. माझ्याकडे बघितलंही नाही. माझं नाव त्या एका वाक्यात सांगू शकत होत्या. साहेब माझ्याकडे वळले. आवाज अगदी मऊ केला. "हे अक्षर तुझं?"

"येस, सर."

"मिसनी जे दिलं तेच तू उतरवलंस?"

खोलीत पंखा चालू होता. वहीचं पान उडत होतं आणि मोठ्या बाई ते बोटाने दाबत होत्या. मी म्हणाले, "येस, सर."

बस. चार अक्षरं. मला कुणी धमकावलं नव्हतं, कुणी आवाज चढवला नव्हता. मला बाहेर थांबायला सांगितलं, मग मिस बाहेर आल्या. बूट करकर वाजत होते. माझ्याजवळ थांबून हळू आवाजात म्हणाल्या, "बाबांची नोकरी आहे ना अजून?"

म्हणजे त्यांनी शोधून काढलं होतं. मी मान हलवली.

"बरं," त्या म्हणाल्या आणि गेल्या. ते बरं कुठल्या अर्थाने होतं, यावर मी पुढे पुष्कळ रात्री घालवल्या. राग असता तर सोपं गेलं असतं. परीक्षा संपायच्या आत त्यांच्या जागी दुसरे सर आले. त्यांनी पोर्तुगीजांचं प्रकरण अर्ध्या तासात संपवलं.

बाबा त्या वर्षी पक्के झाले. आम्हाला दोन खोल्या जास्त असलेलं क्वार्टर मिळालं, मागे पेरूचं झाड होतं. मला सुवाच्य अक्षराचं बक्षीस मिळालं. ते बाकांवरच्या लोकांसमोर घ्यायला मी गेले.

पुढे मी नागपूरला बी.ए. केलं, इतिहास घेऊन. परत आले तर त्याच शाळेत त्याच विषयाची जागा रिकामी निघाली. मोठ्या बाईंनी मला मुलाखतीला दहा मिनिटंही ठेवलं नाही. आता मीच शिकवते. पुस्तकात पोर्तुगीजांना पाऊण पान आहे. त्या गव्हर्नरचं नाव त्यात नाही, त्याच्यासारखे बरेच होऊन गेले असणार. मी मुलींना पाऊण पानच शिकवते.

मोठ्या बाई यंदा निवृत्त झाल्या. निरोपसमारंभाच्या आदल्या दिवशी मी त्यांच्या खोलीत गेले आणि सांगून टाकलं. उभ्याउभ्याच, इंग्रजीत, कारण त्यांच्याशी मला दुसऱ्या भाषेत बोलताच येत नाही. त्या कपाट आवरत होत्या. माझं पूर्ण होऊ दिलं आणि म्हणाल्या, "हे आम्हाला ठाऊक होतं. समितीतल्या साहेबांनी पहिल्याच वाक्याला विभाग ओळखला. मिसला हिंदीच्या दोन ओळी लिहिता येत नव्हत्या."

"मग मला का विचारलंत?"

"कागदावर काहीतरी लागतं," त्या म्हणाल्या. "तुझ्या वडिलांचं नाव आणलं असतं तर विभागाचं नाव आलं असतं. ते कुणालाच नको होतं. शिवाय आडनाव तिचं होतं." मी मिसचा पत्ता मागितला. तो ठेवलेला नव्हता.

घरी आले तर बाबा अंगणात तुरीच्या शेंगा सोलत बसले होते. मी त्यांच्यासमोर बसले.

"बाबा, तवा साऱ्यायले माहीत होतं?"

ते शेंगा सोलत राहिले. कशाबद्दल म्हणून विचारलं नाही. "सोमवारीच बोलावलं होतं समितीतल्या साहेबानं मले. म्हणे पोरगी बरोबर बोलली तर गोष्ट शाळेतच राहील."

"मंग मले कावून नाही सांगितलं?"

"काय सांगतो? तुले समजलं असतं का सारे जाणून राहिले, तर तुह्या तोंडातून शब्द निघाला नसता. तुले वाटलं पाहिजे होतं का आपल्या एका शब्दानं बाप वाचून राहिला."

"अन् मिस?"

बाबांनी सोललेले दाणे ताटलीत एका बाजूला केले. "लहान होती तू," ते म्हणाले. "लहान लेकराले काय दोष?"

मी पंधरा वर्षांची होते. जे बोलले त्याचा अर्थ मला पूर्ण कळत होता. हे त्यांना सांगायला मी तोंड उघडलं. बाबांनी मान वर करून माझ्याकडे बघितलं, त्या दिवशी चहा तसाच ठेवून बघितलं होतं तसं, आणि मी शेंगांचा एक मूठभर ढीग माझ्याकडे ओढून घेतला.